मेस्त्रीचा मुलगा: कलामहर्षी बाबूराव पेंटर
(गावच्या शाळेत शेतकरी व कारागीर पालकांपुढे केलेल्या भाषणाचा मजकूर)



 मास्तर बोलायला उभा राहिला म्हणजे मुलांच्या गैरहजेरीची तक्रार निघणार, अशी आपली समजूत असते. आजही तक्रार आहे. पण ती आमची आमच्यावरच आहे. ती आधी सांगून मोकळे होतो.

काही वर्षांमागे आमच्या वर्गात एका सुताराचा मुलगा होता. हिशेबाच्या तासाला तो पाटीवर गाडीचे चाक काढीत बसला. मधला तुंबा, बारा आरे, वरची धाव, सगळे जिथल्या तिथे. आम्ही त्याच्या पाठीत रट्टा घातला, पाटी पुसायला लावली आणि सगळ्या वर्गासमोर म्हणालो, "शिकायचे नसेल तर जा, बापाचा वाकस धर." वर्ग हसला. पुढच्या आठवड्यापासून मुलगा शाळेत आला नाही.

वर्तुळाचे बारा सारखे भाग पाडणे हा हिशेबच होता. तो त्या मुलाने न शिकवता केला होता, आणि शिकवणाऱ्याला तो दिसला नाही. त्याहून वाईट म्हणजे, ज्या वाकसावर त्या घराची चूल पेटत होती त्याचीच आम्ही शिवी केली. ही चूक एकट्या आमची नाही. हत्यार धरणारा हलका आणि लेखणी धरणारा मोठा, हा समज आपल्या साऱ्यांच्या हाडीमाशी खिळला आहे. तो समज किती खोटा आहे हे दाखविण्यासाठी आज एका मेस्त्रीच्या मुलाची हकीकत सांगणार आहोत. तिच्यात अभिमानाची गोष्ट आहे, आणि आपण मान खाली घालावी अशीही एक गोष्ट आहे. दोन्ही सांगू.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म 3 जून 1890 रोजी कोल्हापुरास झाला. घराणे कारागिराचे. लाकूड, लोखंड, रंग यांच्या संगतीत मूल वाढले. चित्रकलेच्या कोणत्याही मोठ्या शाळेत ते गेले नाहीत. नात्याने भाऊ असलेले आनंदराव हे त्यांचे जोडीदार. दोघांनी मिळून नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविण्याचे काम धरले. त्या काळी नाटकात राजवाडा, अरण्य, रस्ता, नदी हे सारे कापडावर रंगवून मागे सोडीत. 1910 नंतरच्या काही वर्षांत या दोघा भावांच्या पडद्यांची इतकी वाखाणणी झाली की नामांकित मंडळ्या त्यांनाच बोलावू लागल्या. लोक त्यांना 'पेंटर' म्हणू लागले आणि मेस्त्री हे आडनाव मागे पडले. धंद्याचे नाव माणसाला चिकटते हे आपल्याकडे नवे नाही. पण पुष्कळांना ते नाव लपवावेसे वाटते; या माणसाने ते जन्मभर मिरविले.

1913 साली दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट निघाला. तो पाहून या भावांच्या डोक्यात नवे वेड शिरले. आपण रंगवितो ते चित्र जागच्या जागी उभे राहते; हे चित्र चालते, हसते, रडते! त्यांनी मुंबईच्या जुन्या बाजारातून चित्रपट दाखविण्याचे यंत्र विकत आणले आणि खेळ लावू लागले. पण दुसऱ्याचे चित्र दाखविणे निराळे, आपले काढणे निराळे. काढायचे तर कॅमेरा हवा. तो परदेशातून यायचा आणि त्याची किंमत कारागिराच्या आवाक्यातली नव्हती. तेव्हा या भावांनी ठरविले की कॅमेरा आपणच करायचा.

मंडळी, हे बोलायला सोपे आहे. कॅमेऱ्यात काय असते ते थोडे सांगतो, म्हणजे लोहार-सुतार मंडळींना या कामाची किंमत कळेल. चित्रपटाची फीत म्हणजे दोन्ही काठांना भोके पाडलेली एक लांब पट्टी. एक फूट फितीवर 16 चित्रे बसतात. मूकपटाच्या काळात हाताने दांडा फिरवून सेकंदाला सुमारे 16 चित्रे घेत. म्हणजे तासाभराच्या खेळाला 3,600 फूट फीत आणि 57,600 चित्रे. आता खुबी अशी की फीत सारखी सरकत ठेवून चालत नाही, चित्र फिसकटते. ती एक चित्रभर पुढे ओढायची, क्षणभर थांबवायची, थांबली असता झडप उघडायची, लगेच मिटायची आणि पुन्हा ओढायची. हे एका सेकंदात सोळा वेळा. दाते केसाएवढे जरी चुकले तरी भोक फाटते किंवा पडद्यावर चित्र नाचते. पेटीला सुईएवढी फट राहिली तर उजेड शिरून सगळी फीत वाया जाते.

हे यंत्र तयार होण्यापूर्वीच, 1916 साली, आनंदराव वारले. पाठचा आधार गेला. दुसरा कोणी असता तर यंत्र माळ्यावर टाकून पुन्हा पडदे रंगवीत बसला असता. बाबूरावांनी तसे केले नाही. विष्णुपंत दामले या आपल्या शागिर्दाला हाताशी धरून, कानशीने घासून, फोडून, पुन्हा जुळवून, 1918 साली त्यांनी चालता कॅमेरा पुरा केला. इंजिनियरची पदवी या दोघांपैकी कोणाजवळही नव्हती. हातात नजर होती आणि नजरेला चिकाटीची जोड होती.

दरम्यान 1 डिसेंबर 1917 रोजी महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. कोल्हापूरकर तो दिवस अजून स्मरतात. पैका कोणी दिला? तानीबाई कागलकर या गाणाऱ्या बाईंनी. ज्यांच्या गाण्याला लोक मान डोलावीत पण ज्यांना बरोबरीने बसवीत नसत, त्यांतल्या एका बाईने एका मेस्त्रीच्या हुन्नरावर आपला पैसा लावला. राजर्षी शाहू छत्रपतींनीही या कामाला आश्रय दिला. जागा दिली, विजेचे यंत्र दिले. महाराजांनी वसतिगृहे काढली, पैलवान पोसले, गवयांना जवळ केले, तसेच या यंत्राच्या कलेलाही त्यांनी आपले म्हटले. बाई आणि राजा, दोघांनीही हातातली कला पाहिली, जात पाहिली नाही.

कंपनीचा 'सैरंध्री' हा चित्रपट 1920 साली पुण्यास झळकला. कीचकाचा वध भीम करतो तो देखावा इतका खरा वाटला की पाहणारे हबकून गेले आणि अंमलदारांनी तो कापायला लावला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. हे यश ज्यांच्यामुळे आले त्यांत गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोन स्त्रिया होत्या. फाळक्यांच्या 'हरिश्चंद्रा'त तारामतीचे काम एका पुरुषाने केले होते, कारण बाई मिळेना. या दोघी पुढे आल्या. पण त्यांच्या समाजाने त्यांना वाळीत टाकले आणि त्यांना कंपनीच्या आवारातच राहावे लागले. आयाबायांनो, पडद्यावरची द्रौपदी पाहून लोकांनी हात जोडले आणि तिचे काम करणाऱ्या बाईला दाराबाहेर उभे केले. ही आमच्या समाजाची रीत! ती लक्षात ठेवण्यासारखी आहे.

आता बाबूराव करीत काय, असे कोणी विचारील. चित्रपटाच्या कामाचे दहा भाग असतात आणि दहा माणसे ते करतात. या माणसाचा हात त्यांतल्या बहुतेकांत होता. ते दिग्दर्शन करीत. पात्र कसे उभे राहील, पोशाख कसा असेल, देखावा कसा दिसेल, याची चित्रे आधी कागदावर काढीत. नटाला तोंडी शंभर वेळा सांगण्यापेक्षा एक चित्र त्याच्या हाती ठेवले की काम भागे. ज्यांचे नाव पडदे रंगविण्यात झाले त्याच बाबूरावांनी चित्रपटात रंगविलेला पडदा टाकून दिला आणि खऱ्या खांबांचे, खऱ्या भिंतींचे, ज्यात माणूस हिंडू फिरू शकेल असे वाडे उभे केले. ज्या कामाने आपले नाव झाले तेच नव्या ठिकाणी उपयोगी नाही हे ओळखणे फार थोड्या कारागिरांना साधते.

त्या काळच्या फितीला तांबडा रंग दिसत नसे. तांबडे लुगडे काळे उमटे आणि निळे आकाश पांढरे पडे. म्हणून डोळ्यांना काय दिसते ते सोडून फितीला काय दिसेल याचा हिशेब करूनच पोशाख आणि भिंती रंगवाव्या लागत. ज्याने जन्मभर रंग घोटले त्याला हा हिशेब जड का जाईल? 1923 सालच्या 'सिंहगड' चित्रपटात रात्रीच्या देखाव्यांसाठी त्यांनी विजेच्या दिव्यांचा उजेड वापरला. त्या चित्रपटाला एवढी झुंबड उडाली की त्यावरूनच सरकारला करमणुकीवर कर बसविण्याची बुद्धी सुचली, असे सांगतात. त्याच वर्षी मुंबई इलाख्यात तो कर सुरू झाला, हे मात्र खरे.

चित्रपटाची जाहिरातही ते स्वतःच्या कुंचल्याने काढीत. 1924 सालच्या 'कल्याण खजिना'चे भित्तिचित्र आपल्या देशात शिल्लक राहिलेल्या अगदी जुन्या भित्तिचित्रांत गणले जाते. याशिवाय ते मूर्तिकार होते, पुतळे घडवीत. सुतार, लोहार, रंगारी, मूर्तिकार, आपल्या आळीत चार घरांत वाटलेले हे हुन्नर या एका माणसाच्या दोन हातांत एकवटले होते.

आता त्या मान खाली घालण्याच्या गोष्टीकडे येतो.

देवादिकांची आणि शूरवीरांची चित्रे चालत होती, पैसा येत होता. तशात 1925 साली बाबूरावांनी 'सावकारी पाश' काढला. कथा नारायण हरि आपटे यांची. तिच्यात देव नाही, राजा नाही, तलवार नाही. एक शेतकरी आहे. सावकाराच्या कावेबाजीत त्याची जमीन जाते, आणि तो गाव सोडून शहरात गिरणीचा मजूर होतो. तरुण शेतकऱ्याचे काम केले व्ही. शांताराम यांनी, जे कंपनीत पडेल ते काम करणारा पोरगा म्हणून आले होते. अंधुक उजेडातली एक उदास झोपडी आणि बाहेर रडणारे कुत्रे, हा त्यातला देखावा ज्यांनी पाहिला त्यांना तो वर्षानुवर्षे विसरता आला नाही. फीत मुकी होती, तरी त्या कुत्र्याचे रडणे ऐकू आल्यासारखे वाटे म्हणतात.

ही गोष्ट कोणाची होती? आपली होती. 1875 सालच्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यात सुप्याच्या बाजारी शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि रोखे जाळले. त्यानंतर 1879 साली दक्षिणेतल्या शेतकऱ्यांच्या कर्जासाठी सरकारला कायदा करावा लागला. तरी पाश सुटला नाही. पुढे 1946 साली सावकारीवर कायदा झाला, 2014 साली महाराष्ट्रात पुन्हा नवा कायदा करावा लागला. ज्या दुखण्यावर इतक्यांदा औषध द्यावे लागते ते दुखणे खरे असलेच पाहिजे. सुप्याच्या त्या जाळपोळीला पन्नास वर्षे होताना एका मेस्त्रीने ते दुखणे पडद्यावर उभे केले. आपल्या देशातल्या पहिल्या खऱ्याखुऱ्या सामाजिक चित्रपटांत जाणकार त्याची गणना करतात.

आणि तो चालला नाही. जाणत्यांनी वाखाणला, पण लोकांची गर्दी झाली नाही. गर्दी चमत्काराला जात होती. आपलाच फाटका सदरा पडद्यावर पाहायला तिला गोडी वाटली नाही. बाबूराव पुन्हा पोशाखी चित्रांकडे वळले. कारागिरालाही माणसांचे पगार द्यायचे असतात!

मंडळी, आपली दाद कोणी घेत नाही, असे आपण नेहमी म्हणतो. ते पुष्कळ अंशी खरेही आहे. पण एकाने घेतली, तेव्हा त्याच्या पाठीशी कोण उभे राहिले? शेतकऱ्याच्या दुःखावरचे तिकीट शेतकऱ्याने न काढले तर ते कोण काढणार? दिवसभर राबलेल्या माणसाला घटकाभर दुःख विसरावेसे वाटते, यात त्याचा गुन्हा नाही. परंतु नेहमीच विसरत राहिले तर सांगणाराही एक दिवस सांगणे सोडून देतो. बाबूरावांनी हट्ट मात्र सोडला नाही. पडदा बोलू लागल्यावर 1936 साली त्यांनी तोच 'सावकारी पाश' पुन्हा बोलपट करून काढला. एकदा नांगरट वाया गेली म्हणून रान पडीक न टाकणारा शेतकरी असतो, तसा हा माणूस होता.

त्यांची आणखी एक मिळकत सांगतो. 1929 साली त्यांचे शिष्य दामले, साहेबमामा फत्तेलाल, धायबर आणि शांताराम हे बाहेर पडले, आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्या भांडवलाने त्यांनी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी काढली. गुरूच्या जिवाला ते लागले असेल. पण शिष्य काय शिकून गेले ते पाहा. दामले आणि कागलचे फत्तेलाल, एक हिंदू, एक मुसलमान, दोघेही हाताचे कसबी. या जोडीने 1936 साली 'संत तुकाराम' काढला आणि पुढल्या वर्षी इटलीत व्हेनिसला त्याची वाहवा झाली. ज्या कारखान्यात पोरे झाडूपासून कॅमेऱ्यापर्यंत सगळे काम शिकली तीच त्यांची शाळा होती. मास्तर म्हणून आम्हांला त्या शाळेचा हेवा वाटतो.

1931 साली बोलपट आले. बाबूरावांना बोलण्याची फारशी ओढ नव्हती. चित्राने जे सांगायला आपण इतके कष्ट घेतले ते आवाजाच्या गलबल्यात बुडेल, असे त्यांना वाटे. त्यांची मूळ कंपनीही बंद पडली. शालिनी सिनेटोनसाठी त्यांनी 'उषा', 'सावकारी पाश', 'प्रतिभा' हे बोलपट केले. 1947 साली शांतारामांच्या राजकमल संस्थेच्या 'लोकशाहीर रामजोशी'चे दिग्दर्शन केले. एके काळच्या शिष्याच्या घरी जाऊन गुरूने काम केले, त्यात कमीपणा मानला नाही. 16 जानेवारी 1954 रोजी ते निवर्तले.

आज त्यांचे मूकपट पाहू म्हटले तर मिळत नाहीत. 1927 सालच्या 'मुरलीवाला' आणि 'सती सावित्री' यांचे काही भाग तेवढे उरले आहेत. 1925 चा 'सावकारी पाश' नाहीसा झाला. जुनी फीत भुसभुशीत होते, आणि ठिणगी पडली तर भुस्कटासारखी पेटते. आपल्या दुःखाचे ते पहिले चालते चित्र आपण उमेदीच्या काळात पाहिले नाही आणि पुढे जपलेही नाही.

आता यातून घरी काय न्यायचे? तीन गोष्टी न्याव्यात.

पहिली, मूल पाटीवर चाक काढीत असेल, मातीचा बैल करीत असेल, भिंतीवर कोळशाने घोडा काढीत असेल तर त्याला मारू नका. भिंत पुन्हा सारवता येते.

दुसरी, हुन्नराला अक्षराची जोड द्या. बाबूरावांना इंग्रजी पुस्तकातले यंत्र कळले असेल ते हाताला आधीच ठाऊक होते म्हणून. पण हाताला कळलेले हिशेबात उतरवता न आले तर धंदा दुसऱ्याच्या मुठीत जातो. हत्याराबरोबर चोपडीही आपल्याच हाती पाहिजे.

तिसरी, आपल्यातला कोणी आपली गोष्ट सांगू लागला, मग ती तमाशात असो, पुस्तकात असो की पडद्यावर असो, तर दोन पैसे खर्चून ती बघायला जा. आवडली नाही तर तोंडावर सांगा. पण घरी बसून, आमचे कोणी सांगत नाही, असे म्हणू नका.

जाता जाता त्या सुताराच्या मुलाचे सांगतो. तो आता मोठा झाला आहे. आपण ज्या दारातून आत आलात ते दार गेल्या पावसाळ्याआधी त्यानेच बसविले. जोडाला बोटाचे नख शिरत नाही. मजुरीचा कागद पुढे केला तेव्हा त्याने सही केली, पण ती करायला त्याला फार वेळ लागला. आणि लाकडाच्या हिशेबाचा आकडा त्याने वाचला नाही, दुसऱ्याने सांगितला तो खरा धरला. आम्ही तिथे उभे होतो. त्याची ती बुडालेली वर्षे आमच्या नावावर आहेत. आम्ही त्याला म्हणालो, "बाबा, तेव्हा आमचे चुकले." तो हसला आणि म्हणाला, "गुरुजी, ते जाऊ द्या, माझ्या पोराला चांगले शिकवा."

त्याचे पोर आता पहिलीत आहे. कालच त्याने पाटीवर रंधा काढला होता. आम्ही ती पाटी पुसू दिली नाही.